मालकाचा परवाना गेला, मजुराचा राहिला

(मोरिवली येथें कारखान्यांतील मजूर व गांवकरी बंधुभगिनींच्या सभेंत आम्हीं केलेलें भाषण. कामावर असल्यामुळें ज्यांना सभेस येतां आलें नाहीं, त्यांच्या आग्रहावरून तें येथें देत आहोंत.)



आज रविवार आहे म्हणून ही सभा भरूं शकली. हा रविवार आपणांस कोणी आपखुशीनें दिलेला नाहीं. नारायण मेघाजी लोखंडे यांनीं मुंबईच्या गिरण्यांतील मजूर एकत्र केले, अर्जांवर हजारों सह्या घेतल्या, सभांमागून सभा भरविल्या. तेव्हां कोठें १० जून १८९० रोजीं गिरणीमालकांनीं आठवड्याची सुटी कबूल केली. परंतु आज सभेस येतांना आम्हीं वाटेंत काय पाहिलें? कारखान्यांच्या दारांशीं पाळी बदलत होती. ओळखीचा एक गृहस्थ डबा घेऊन आंत निघाला होता. आम्हीं विचारलें, "कां हो, आज रविवार ना?" तो म्हणाला, "दादा, रविवार कायम माणसांना. आम्हां ठेक्याच्या माणसांना सुटी नसते, खाडा असतो." एवढें बोलून तो आंत गेला. आजचें आमचें सारें भाषण त्या गृहस्थाच्या एका वाक्याचा अर्थ लावण्यासाठीं आहे.

सभेच्या चालकांनीं विषय दिला आहे तो नांवानें मोठा आहे: देशाची आर्थिक सुधारणा व वाढ. असल्या विषयावर विद्यापीठांत व्याख्यानें होतात, तेथें आम्हांस कोणी बोलावीत नाहीं. आम्हांस हिशेब येतो तो वाण्याच्या उधारीच्या वहीवरून शिकलेला. एका बाजूस जमा, दुसऱ्या बाजूस नांवें. तेवढ्या विद्येवरच बोलतों. वाढ म्हणजे देशाच्या वहींत जमा किती झाली. सुधारणा म्हणजे ती जमा व्हावी म्हणून सरकारनें कोणते नियम मोडले व कोणते नवे केले. पण घरांतील माउली तिसरा प्रश्न विचारते: जमा झाली ती कोणाच्या ताटांत पडली? पहिल्या दोन प्रश्नांचीं खरीं उत्तरें दिल्यावांचून तिसरा प्रश्न विचारणें हा रडेपणा होईल. आणि पहिल्या दोन उत्तरांवर टाळ्या वाजवून तिसरा प्रश्न गिळणें ही लबाडी होईल. आम्ही दोन्ही करणार नाहीं.

प्रथम आपल्या पायाखालच्या जमिनीकडे पाहूं. तुम्ही ज्या विम्को नाक्यावर रोज रिक्षा धरतां, त्याचें नांव काडेपेटीच्या कारखान्यावरून पडलें आहे. वेस्टर्न इंडिया मॅच कंपनी ही स्वीडनच्या काडेपेटीवाल्यांची. पूर्वी ते पेट्या तिकडून आणून येथें विकीत. पुढें सरकारनें परदेशी काडेपेटीवर भारी जकात बसविली. आणून विकण्यांत फायदा राहीना. तेव्हां त्यांनीं १९२३ मध्यें येथेंच कंपनी काढली आणि अंबरनाथेस कारखाना घातला. १९२८ मध्यें या धंद्यास संरक्षण देणारा कायदाहि झाला. म्हणजे जकातीच्या भिंतीआड हा कारखाना उभा राहिला. भिंत चांगली कीं वाईट? ज्यास आंत काम मिळालें त्यास ती चांगली वाटली. ज्यास पेटी महाग पडली त्यास वाईट. आज तो कारखाना राहिला नाहीं. नाक्याला नांव तेवढें राहिलें. यावरून आम्ही एवढेंच शिकलों कीं भिंत बांधणें हें पुण्य नव्हे आणि भिंत पाडणें हेंहि पुण्य नव्हे. भिंतीच्या आंत कोण व बाहेर कोण, हें पाहून बोलावें.

स्वातंत्र्यानंतर त्या भिंतीच्या दाराशीं चौकीदार बसला. १९५१ च्या उद्योग विकास व नियमन कायद्यानें मोठा कारखाना काढावयाचा तर परवाना, वाढवावयाचा तर परवाना, दुसरा माल काढावयाचा तर पुनः परवाना अशी रीत पडली. हेतु वाईट नव्हता. देशांत भांडवल थोडें. तें चैनीच्या मालावर उधळूं नये, सारे धंदे दोन-चार घराण्यांच्या हातीं जाऊं नयेत, असें त्या वेळच्या धुरीणांस वाटे. पण झालें उलटें. ज्यांची दिल्लींत ये-जा, ज्यांचे मुनीम सरकारी कचेऱ्यांच्या पायऱ्या झिजवूं शकत, त्यांनींच परवाने गोळा केले. सरकारनेंच नेमलेल्या दत्त समितीनें १९६९ मध्यें दाखवून दिलें कीं ज्या मोठ्या घराण्यांस आवरावयाचें, त्यांच्याच पदरांत परवान्यांचा मोठा वांटा पडला. इकडे गिऱ्हाइकाची दशा अशी कीं पुण्याची बजाज स्कूटर हवी तर आगाऊ पैसे भरून वर्षानुवर्षें वाट पाहावी. देशाचें उत्पन्न सालाला सरासरी साडेतीन टक्के वाढे, आणि खाणारीं तोंडें दोन टक्क्यांहून अधिक वाढत. मग ताटांत वाढण्यास उरलें काय? म्हणून परवान्याचें राज्य गेलें याबद्दल आम्ही सुतक धरीत नाहीं. त्या राज्यांत मोरिवलीच्या शेतकऱ्याच्या पोराला कारखान्याचा परवाना मिळाल्याचें आम्हीं तरी ऐकिलें नाहीं.

तथापि त्या काळाची एक बाजू जमेची आहे, ती विसरणें कृतघ्नपणाचें होईल. अंबरनाथेस सरकारचा दारूगोळ्याच्या सामानाचा कारखाना आला, यंत्रें बनविण्याचा कारखाना आला. शहाडला रेयॉनचा कारखाना आला. १९६२ मध्यें महाराष्ट्राचें औद्योगिक विकास महामंडळ निघालें आणि त्यानें पुढें मोरिवलीच्या शिवारांत भूखंड पाडले. कारखान्यांना पाणी हवें म्हणून बदलापुराजवळ बारवीचें धरण झालें. या कारखान्यांत जो एकदां कायम झाला, त्याला पगाराची तारीख होती, दवाखाना होता, राहावयास खोली होती, म्हातारपणीं हातांत चार पैसे होते. ज्याचा बाप दुसऱ्याच्या शेतावर राबला, त्याचा मुलगा परीक्षा देऊन फिटर झाला, आणि त्याची नात डॉक्टरीण झाली. आमच्या समाजांत आज जीं चार शिकलेलीं घरें दिसतात, त्यांच्या माळ्यावर शोधा. कारखान्याचा जुना बिल्ला सांपडेल.

आणि आपल्या शेजारचें उल्हासनगर पाहा. फाळणीनंतर सिंधमधून उघड्यावर पडलेलीं माणसें कल्याणच्या लष्करी छावणींत आलीं. ८ ऑगस्ट १९४९ रोजीं त्या छावणीचें उल्हासनगर झालें. त्यांनीं एका खोलींत चूल व दुसऱ्या खोलींत कारखाना मांडला. बिस्किटें, मिठाई, कपडे, यंत्रांचे सुटे भाग, वाटेल तें केलें व विकलें. दिल्लीचा परवाना येवो न येवो, मनगट व व्यवहारबुद्धि असली तर माणूस वर येतो, हें त्यांनीं आपल्या डोळ्यांदेखत दाखविलें. आपण तें शेजारीं राहून पाहिलें. शिकलों किती, हें ज्यानें त्यानें आपल्या मनास विचारावें.

आतां १९९१ कडे येऊं. घरांत पैसा संपला, वाण्यानें उधारी बंद केली, म्हणजे बायको न बोलतां हातांतल्या पाटल्या काढून देते. तशी त्या सालीं देशावर वेळ आली. बाहेरून तेल व माल आणण्यास परकी चलन अवघ्या दोन-तीन आठवड्यांपुरतें राहिलें. जुलै १९९१ मध्यें रिझर्व्ह बँकेनें सुमारें ४७ टन सोनें बँक ऑफ इंग्लंड व बँक ऑफ जपान यांजकडे तारण टाकून कर्ज काढलें. पंतप्रधान नरसिंह राव होते, अर्थमंत्री मनमोहन सिंग होते. २४ जुलै १९९१ रोजीं नवें उद्योगधोरण व नवा अर्थसंकल्प एकाच दिवशीं आले. अठरा उद्योगांची यादी वगळून बाकी सर्वांना परवान्यांतून मोकळीक मिळाली. केवळ सरकारसाठीं राखलेले उद्योग सतरा होते ते आठ झाले. परदेशी भांडवलास दार उघडलें. जकाती पायरीपायरीनें उतरल्या. चाळीस वर्षें दाराशीं बसलेला चौकीदार एका दिवसांत घरीं गेला.

याचें फळ खोटें नव्हे. साडेतीन टक्क्यांनीं वाढणारें उत्पन्न वीस वर्षांत दुप्पट होतें. सात टक्क्यांनीं वाढलें तर दहा वर्षांत. पुढच्या काळांत देश सहा-सात टक्क्यांनीं, कधीं त्याहूनहि जोरानें वाढला. सुरेश तेंडुलकर यांच्या समितीनें घालून दिलेल्या मापानें देशांत २००४-०५ सालीं शंभरांत सदतीस माणसें दारिद्र्यांत होतीं. २०११-१२ त तीं बावीस झालीं. सात वर्षांत शंभरांतून पंधरा माणसें वर येणें ही लहान गोष्ट नव्हे. ज्या टेलिफोनसाठीं पूर्वी वर्षें मोजावीं लागत, तो आज या सभेंत प्रत्येकाच्या खिशांत आहे. सभापति माफ करतील, पण दोन-तीन वेळां तो वाजलाहि. ही सुधारणा आमच्या शत्रूनें केली असें जो म्हणेल, त्याच्याशीं आमचें पटणार नाहीं.

मग आमची तक्रार काय? ऐका. मालकाला कारखाना चालविण्यास परवाना लागत असे, तो गेला. मजुराला त्याच कारखान्याच्या दारांतून आंत जाण्यास परवाना लागूं लागला. आणि तो देणारा सरकार नाहीं, कायदा नाहीं, ठेकेदार आहे. गळ्यांत प्लॅस्टिकचा बिल्ला, त्यावर फोटो, त्याखालीं ठेकेदाराचें नांव. ज्या गृहस्थाची गोष्ट आम्हीं आरंभीं सांगितली, तो एकाच यंत्रावर अकरा वर्षें उभा आहे. अकरा वर्षांत ठेकेदार चार बदलले; यंत्र बदललें नाहीं, पाळी बदलली नाहीं, माणूस बदलला नाहीं. पण दर वेळीं नवा ठेकेदार आला कीं तो नवा मजूर ठरतो. मागची नोकरी पुसली जाते, भविष्यनिर्वाह निधीचें खातें नवें निघतें, किंवा निघतच नाहीं. काम कायमचें आणि कामगार पाहुणा! दिल्लीच्या परवान्यावर निदान सही-शिक्का असे. हा परवाना मुकादमाच्या तोंडीं असतो. सकाळीं तो म्हणाला, "उद्यां येऊं नको," कीं संपलें.

कायदा नव्हता असें नाहीं. ठेका कामगार कायदा १९७० चा आहे. बारमाही कामांत ठेका बंद करण्याचा अधिकार त्यांत सरकारला होता. परंतु ठेका बंद झाला म्हणून मजूर आपोआप कायम होत नाहीं, असा निकाल २००१ सालीं सर्वोच्च न्यायालयानें पोलाद प्राधिकरणाच्या खटल्यांत दिला. पूर्वी वीस ठेका-मजूर असले कीं कायदा लागू होई. महाराष्ट्रानें ती मर्यादा पन्नासावर नेली, आणि आतांच्या केंद्रीय संहितेंतहि ती पन्नासच आहे. एकोणपन्नास माणसें ठेवणाऱ्याला गणित येतें, हें सांगावयास नको. २१ नोव्हेंबर २०२५ रोजीं केंद्र सरकारनें एकोणतीस जुने कामगार कायदे मोडून चार संहिता लागू झाल्याचें जाहीर केलें. मुख्य कामांत ठेक्याचा मजूर नको, असें त्यांत लिहिलें आहे. पण अपवादांची खिडकी एवढी मोठी ठेविली आहे कीं दार बंद केल्याचा उपयोग किती, हा प्रश्नच आहे. सरकारी कारखान्यांचेंहि रूप पालटलें. ऑक्टोबर २०२१ पासून संरक्षण खात्याचे कारखाने सात सरकारी कंपन्यांत वांटले गेले. त्यांत आपले अंबरनाथचे दोन्ही आहेत. जेथें मुलगा परीक्षा देऊन लागत असे, तें दार आतां पूर्वीइतकें रुंद नाहीं.

दुसरी गोष्ट जमिनीची. १९४८ चा कूळकायदा झाला आणि १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन ठरला, तेव्हां या ठाणे जिल्ह्यांत पिढ्यान्‌पिढ्या दुसऱ्याची जमीन कसणारा कूळ मालक झाला. त्याला मालकी भोगावयास थोडींच वर्षें मिळालीं. मग कारखान्यांसाठीं जमिनी गेल्या. शेतकऱ्याला किंमत एकदां मिळाली. महामंडळाचा भूखंड कारखानदारास मिळतो तो पंचाण्णव वर्षांच्या पट्ट्यानें. कारखाना बंद पडला तरी तो पट्टा हस्तांतर होतो आणि तेजीचा भाव खातो. मुंबईंत १८ जानेवारी १९८२ रोजीं गिरण्यांचा संप सुरू झाला, तो कधीं मिटल्याचें कोणी जाहीर केलें नाहीं. पुढें गिरण्यांच्या जमिनींवर मनोरे उठले. आणि त्या गिरण्यांत राबलेलीं कितीतरी कुटुंबें स्वस्त खोली शोधीत आपल्या बदलापूर-अंबरनाथेकडे आलीं. मोहन्याचा रेयॉन कारखाना २००९ मध्यें बंद पडला, तेव्हां हजारों संसार एका दिवसांत उंबऱ्यावर आले. कापडापेक्षां जमीन महाग झाली कीं गिरणी चालविण्यापेक्षां ती बंद ठेवणें किफायतीचें होतें. ही वाढ देशाच्या वहींत जमेस दिसते. संपलेली मजुरी त्या वहींत कोठेंच दिसत नाहीं.

तिसरी गोष्ट नदीची. येथून जवळच वालधुनीच्या कांठीं अंबरनाथचें शिवमंदिर आहे. शके ९८२, म्हणजे इसवी सन १०६० चा शिलालेख त्यावर आहे. जवळजवळ हजार वर्षें त्या नदीचें पाणी देवाला चाललें. आज त्यांत पाय घालण्यास आपण पोरांना मना करतों. कोणत्या दिवशीं कोणता रंग वाहील, हें नदीपेक्षां कारखान्यांना अधिक ठाऊक. नोव्हेंबर २०१४ च्या अखेरीस उल्हासनगरांत या नदींत टँकरमधून रसायन सोडलें गेलें आणि वायूनें गुदमरून शेकडों माणसें रुग्णालयांत पोंचलीं. शेजारच्या डोंबिवलींत २६ मे २०१६ आणि पुनः २३ मे २०२४ रोजीं रसायनांच्या कारखान्यांत स्फोट होऊन माणसें दगावलीं. सांडपाणी शुद्ध करण्यास खर्च येतो. तो वांचला म्हणजे नफा वाढतो. नफा वाढला म्हणजे देशाचें उत्पन्न वाढतें. आणि त्या पाण्यानें आजारी पडलेल्या मुलासाठीं बापानें डॉक्टरला पैसे दिले, तर तेहि देशाच्या उत्पन्नांतच मोजले जातात! जमेची बाजू लिहावयाची व नांवेंची बाजू गरिबाच्या अंगावर लिहावयाची, असली वही आमच्या वाण्यानेंहि कधीं ठेविली नाहीं.

आतां मुळाकडे येतों. दार सर्वांना सारखेंच उघडलें होतें, मग कांहीं जण धांवत आंत गेले व आम्ही ठेकेदाराच्या रांगेंत उभे राहिलों, असें कां? ज्योतीराव फुले यांनीं १८८२ मध्यें हंटर कमिशनपुढें सांगितलें कीं निदान बारा वर्षांपर्यंत मुलांना प्राथमिक शिक्षण सक्तीचें करा. शाहू महाराजांनीं १९१७ मध्यें आपल्या कोल्हापूर संस्थानांत तें सक्तीचें व मोफत केलें. साऱ्या देशांत तो मुलांचा हक्क म्हणून अमलांत आला १ एप्रिल २०१० रोजीं. मध्यें गेलीं वर्षें १२८! देशानें १९९१ मध्यें बाजाराचें दार उघडलें, त्याच सालच्या खानेसुमारींत शंभरांपैकीं बावन्न माणसें साक्षर होतीं, आणि बायकांत एकोणचाळीस. चीननें आपलें दार १९७८ मध्यें उघडलें. त्यांची राज्यपद्धति आम्हांस नको. पण १९८२ च्या त्यांच्या गणतींत प्रौढांपैकीं सुमारें दोन-तृतीयांश साक्षर निघाले, ही गोष्ट विचार करण्याजोगी आहे. त्यांनीं खेड्यांत शाळा व दवाखाना आधीं नेला आणि बाजार मागून. म्हणून त्यांच्या खेड्यांतील पोरी कारखान्यांत गेल्या. आमच्याकडे वाढ झाली ती ज्या धंद्यांत इंग्रजी व पदवी लागते त्यांत अधिक. हिंजवडीच्या काचेच्या इमारती उठल्या, आणि कारखानदारीचा वांटा जेथल्या तेथें राहिला. आजहि देशांतील शंभर कामकऱ्यांपैकीं सुमारें पंचेचाळीस शेतींत आहेत, आणि उत्पन्नांत शेतीचा वांटा शंभरांत सुमारें अठरा. पंचेचाळीस जणांनीं अठरा भाकरी वांटून खावयाच्या, हा त्याचा अर्थ. सुधारणेनें दार उघडलें खरें, पण उंबरा उतरविला नाहीं. आणि ज्यांचे पाय पिढ्यान्‌पिढ्या आखूड ठेविले गेले, ते उंबऱ्यावरच अडखळले.

येथें कोणी म्हणेल, "तुम्ही फार मागाल तर कारखाने गुजरातेस जातील, मग ठेक्याचें कामहि जाईल." हा आक्षेप हंसण्यावारी नेण्याजोगा नाहीं. शंभर किंवा त्यांहून अधिक मजूर असलेल्या कारखान्यास सरकारच्या परवानगीवांचून मजूर कमी करतां येऊं नये, असा नियम केला; तेव्हां पुष्कळ मालकांनीं शंभरांच्या आंतच राहावयाचें किंवा ठेकेदार आणावयाचा, हा मार्ग धरला. म्हणजे कायम मजुराच्या रक्षणासाठीं बांधलेला बांध हंगामी मजुराला बुडवावयास कारण झाला, हें आम्ही कबूल करतों. नव्या संहितेनें ती मर्यादा तीनशेंवर नेली आहे. ठीक आहे, मालकाला ती सवलत मिळाली. पण मग सवलतीच्या बदल्यांत मजुराच्या पदरांत काय? आम्ही जन्मभराच्या नोकरीचा हट्ट धरीत नाहीं. कामाचें पत्र, पगाराची चिठी, निधीचें खातें, दवाखान्याचें कार्ड, आणि सारख्या कामाला सारखा दाम, एवढें मागितल्यानें जो कारखाना पळून जाईल तो कारखाना मजुराच्या खिशांतूनच चालला होता असें समजावें.

आतां थोडें कडू बोलतों. घरचीं माणसें म्हणून बोलतों. ठेकेदार हा कोणी परमुलखांतून आलेला राक्षस आहे काय? पुष्कळ ठिकाणीं तो आपलाच भाऊबंद आहे. कालचा शेतकरी, आजचा पुढारी. ठेका घेणें हें पाप नव्हे. ज्योतीरावांनीं स्वतः बांधकामांचे ठेके घेतले होते आणि मिळालेला पैसा शाळांस व समाजकार्यास लाविला. पाप आहे तें मजुराच्या निधीचा पैसा कापून तो न भरण्यांत. आपल्या जातीचा म्हणून आपण अशाला निवडून देतों, फलकावर त्याचा फोटो लावितों, आणि मग दिल्लीच्या धोरणावर खापर फोडितों. तसेंच जमिनीच्या मोबदल्याचें. पैसा आला तेव्हां हळदीला हजार पानें उठलीं, दारांत मोटार आली, बंगल्यावर घुमट चढला. पोराला तंत्रशाळेंत घालावयास मात्र पैसा उरला नाहीं. आम्ही कोणा एका जातीचें नांव घेत नाहीं, कारण हा रोग सर्वच अंगणांत आहे. जमीन एकदां गेली ती परत येत नाहीं. तिच्या मोबदल्यांत विद्या आली असती तर ती कोणाला संपादन करून नेतां आली नसती.

आणि आपल्याच लोकांनीं उलट उदाहरणहि घालून दिलें आहे. १९८४ च्या जानेवारींत उरणकडे जासईच्या शेतकऱ्यांनीं दि. बा. पाटील यांच्या पुढारपणाखालीं लढा दिला. पांच शेतकरी गोळीबारांत पडले. त्यांनीं विकासाला नको म्हटलें नाहीं. विकासांत वांटा मागितला. त्यांतून साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याचें तत्त्व आलें. सुधारणा केवळ दिल्लीच्या अर्थसंकल्पांतूनच येते असें नाहीं. भाताच्या बांधावरूनहि येते.

म्हणून जातां जातां चार गोष्टी सांगतों, त्या आजच करण्यासारख्या आहेत. पहिली: प्रत्येकानें आपल्या नियुक्तीचें पत्र मागावें, नव्या संहितेप्रमाणें तें प्रत्येक कामगाराला द्यावयाचें आहे. मुदतीच्या करारावर थेट कारखान्यानें घेतलेल्या माणसाला एक वर्षानंतर ग्रॅच्युइटीचा हक्क आहे, हेंहि ध्यानांत ठेवावें. दुसरी: भविष्यनिर्वाह निधीचा आपला क्रमांक पाठ असावा. ठेकेदार बदलला तरी क्रमांक तोच राहतो. नवा काढून देतों म्हणणाऱ्यास नाहीं म्हणा. दर महिन्यास आपले बारा टक्के व मालकाचे बारा टक्के भरले गेले कीं नाहीं, हें तुमच्या खिशांतला टेलिफोन सांगतो. तो केवळ गाणीं ऐकण्यासाठीं नाहीं. ज्याचा महिन्याचा पगार एकवीस हजारांच्या आंत आहे, त्यानें राज्य विमा योजनेचें कार्ड आहे कीं नाहीं तें पाहावें. पगारांतून पाऊण टक्का कापला जातो, तो कशासाठीं हें विचारावें. तिसरी: ज्याला वाचतां येतें त्यानें शेजाऱ्याची पगारचिठी वाचून द्यावी. या सभेंतील पन्नास मुलांनीं दर रविवारीं एक तास दिला, तर मोरिवलींत न वाचलेला एक कागद राहणार नाहीं. चौथी: मुलगी असो कीं मुलगा, दहावीनंतर कारखान्याच्या दाराशीं उभें करण्याची घाई करूं नका. दोन वर्षें तंत्रशाळेंत घाला. हातांत हुन्नर असलेल्या माणसाला ठेकेदार "उद्यां येऊं नको" म्हणण्यापूर्वीं दोनदां विचार करितो.

देशाची वाढ व्हावी, खूप व्हावी, अशी आमची इच्छा आहे. गरिबाला ती श्रीमंताहून अधिक हवी. परंतु पुढल्या वेळीं कोणी तुम्हांस वाढीचा आंकडा सांगितला, तर त्याला एकच विचारा: महाराज, त्या आंकड्यांत आमचा रविवार आहे काय?

आमचा तो गृहस्थ रात्रीं पाळी संपवून घरीं येईल. सभेंत काय झालें म्हणून तो विचारील. त्याला सांगा कीं तुझें वाक्य सभेनें ऐकिलें आहे. आणि पुढच्या रविवारीं त्याची पगारचिठी घेऊन त्याच्या दारीं जा.